गणपतीला दहा दिवस ब्लॉक बंद ठेवून गावी जायचंय, पण समोरच घरफोडी झाल्यापासून जीव लागत नाहीये

संगमेश्वरी_डोंबिवलीकर

नमस्कार मंडळी, बरेच दिवस नुसता वाचक होतो, आज पहिल्यांदा धागा काढतोय, चुकल्यास सांभाळून घ्या.

आम्ही डोंबिवलीत राहतो, चार मजली जुनी बिल्डिंग, लिफ्ट नाही, वॉचमन आहे पण एकच आणि तोच पाण्याचा पंपही बघतो, म्हणजे अर्धा वेळ टाकीपाशी. गेल्या महिन्यात आमच्याच मजल्यावर अगदी समोरच्या ब्लॉकमध्ये भरदुपारी चोरी झाली. समोरचे दोघं नोकरीला, मुलगी कॉलेजला, आजी फक्त घरी असतात त्या नेमक्या त्या दिवशी दीड तासासाठी डोळे तपासायला गेलेल्या. परत आल्या तर कोयंडा उचकटलेला, कपाट उघडं, साड्या सगळ्या पलंगावर, आणि साडेसहा तोळे गेलेले.

मला जास्त हललं ते वेगळ्याच गोष्टीने. माझी बायको त्या वेळी घरातच होती, पोळ्या चालल्या होत्या, एक्झॉस्ट फॅन चालू, काही म्हणजे काही ऐकू आलं नाही. सव्वादोनला धाकट्याच्या स्कूलबसला खाली जायला निघाली तर दार उघडेना. बाहेरून कडी!! तिला वाटलं पोरांनी मस्ती केली असेल, तिने वरच्या काकूंना फोन करून कडी काढून घेतली आणि तशीच धावत खाली गेली, समोरच्या दाराकडे बघितलंसुद्धा नाही. ते सगळं नंतर जुळलं. तेव्हापासून ती दिवसातून दहा वेळा आयहोलमधून बघते.

आता गणपतीला आम्ही सगळे दहा दिवस गावी जाणार, दरवर्षीचंच आहे, बिल्डिंगमधली निम्मी घरं बंद असतात तेव्हा. तर विचारायचं हे की यांना कसं कळतं कोण कधी नाही ते? घरातल्याच कोणाची फितुरी असते का? कॅमेरा लावून काही फरक पडतो का नुसता खर्च? आणि उलट गावचं घर अकरा महिने बंद, तिथे आईची पितळेची सगळी भांडी आहेत, त्याचं काय करायचं? सोनं लॉकरमध्ये टाका हे सगळे सांगतात, ते टाकतोयच, त्यापलीकडे काय ते सांगा.

खाकीच्या_घरातला

वडील ३० वर्षांवर पोलिस खात्यात होते, त्यातली बरीच वर्षं डीबी पथकात, म्हणजे गुन्ह्यांचा तपास लावणाऱ्या पथकात, त्यामुळे आमच्याकडे जेवताना हेच विषय असायचे, आई वैतागायची. तर त्यांच्याकडून ऐकलेलं सांगतो.

बाहेरून कडी लावणं ही जुनी पद्धत आहे, वर्तमानपत्रात पण वाचलं असेल, त्यात घाबरण्यासारखं एवढंच की त्यांना तुम्ही घरात आहात हे माहीत होतं आणि तुम्ही बाहेर येऊ नये इतकीच त्यांची इच्छा होती. दुपारच्या घरफोडीवाल्याला माणूस नकोच असतो. दोघं किंवा तिघं असतात, कपडे नीटनेटके, पाठीला सॅक, कुरिअरवाले किंवा क्लासची पोरं वाटावीत असे. वरच्या मजल्यापासून बेल वाजवत खाली येतात. कोणी दार उघडलं तर "पाटील इथेच राहतात का", सॉरी म्हणून पुढे. कोणी उघडलं नाही आणि बाहेर कुलूप लोंबतंय म्हणजे झालं. त्यामुळे फितुरी दर वेळी असतेच असं नाही, बहुतेक वेळा तुमचं कुलूपच सांगतं की आत कोणी नाही. म्हणून वडील आमच्या घराला आयुष्यात कधी बाहेरून लोंबणारं कुलूप लावू देत नाहीत, दाराच्या आतलं लॉक, बाहेरून नुसतं भोक दिसलं पाहिजे.

आणि वेळ, आत गेल्यावर दहा-पंधरा मिनिटांच्या वर थांबायचं नाही हा त्यांचा नियम. त्यामुळे सरळ बेडरूम, कपाट, कपाटाचा आतला खण, मग गादीखाली, देवघर, आणि तांदळाचा डबा. हो, तांदळाचा डबा त्यांनाही माहीत आहे, आपल्या सगळ्यांच्या आज्यांना एकच आयडिया सुचली होती. कपाटाची चावी कपाटाच्याच वर किंवा कॅलेंडरच्या मागे, हेही पाठ असतं.

रात्रीचं वेगळं. रात्रीवाले शक्यतो तळमजला आणि टेरेसखालचा मजला बघतात, खिडकीचे गज, किचनची ड्राय बाल्कनी, ड्रेनेजच्या पाइपाने वर. तेव्हा घरात माणसं झोपलेली असतात, म्हणून धोका तिथे जास्त, कारण कोणी जागं झालं की चोरीची जबरी चोरी व्हायला एक क्षण लागतो. वडिलांचं म्हणणं, जाग आली तर लाइट लावा, मोठ्याने ओरडा, ११२ फिरवा, पण त्याच्या आणि दाराच्या मध्ये उभं राहू नका. त्याला पळायचंच असतं, पळू द्या.

कायद्याचं थोडं, लोक सरसकट दरोडा म्हणतात म्हणून. दरोडा म्हणायला पाच किंवा जास्त माणसं लागतात आणि जबरदस्ती किंवा धाक लागतो. बंद घर फोडलं ती घरफोडी, पूर्वी बातमीत भारतीय दंड संहितेची ४५४, ४५७, ३८० ही कलमं वाचायचो, १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता आली तिथे ते ३३१ आणि ३०५ झालंय. सूर्यास्तानंतर सूर्योदयाआधी फोडलं तर शिक्षा जास्त, चोरीसाठी दिवसा १० वर्षांपर्यंत आणि रात्री १४ पर्यंत. चोराला हे माहीत असतं की नाही देव जाणे.

टोपणनाव_सुचेना

"कसं कळतं" याचं उत्तर आमच्या सोसायटीच्या नोटीस बोर्डावर होतं दोन वर्षांपूर्वी. सेक्रेटरींनी लिहिलेलं, "खालील सभासद गौरी-गणपतीसाठी गावी जात असल्याने त्यांच्या ब्लॉकची कचरा उचल बंद राहील", आणि खाली ब्लॉक नंबर. तारखांसकट!! मी फाडला तर माझ्यावरच मीटिंग बोलावली.

लाकूडतोड्या

कोल्हापुरात दरवाजे-फर्निचरचं काम करतो, २२ वर्षं झाली, चोरीनंतर दार दुरुस्तीला बोलावतात तेव्हा बघतो म्हणून लिहितो.

लोकं कुलपावर दीड-दोन हजार खर्च करतात सात लिव्हर आठ लिव्हर, आणि ते अडकवतात चाळीस रुपयांच्या कोयंड्यात. कुलूप कोणी तोडत नाही हो, कोयंडा उचकटतात. कोयंड्याला इंचभराचे चार स्क्रू, ते पण मिस्त्रीने हातोडीने ठोकलेले, कटावणीचा एक दाब दिला की लाकडाच्या भुशासकट बाहेर. मी गेलो की बघतो, कुलूप जमिनीवर पडलेलं असतं एकदम शाबूत, बंदच.

कोयंडा ठेवायचाच असेल तर जाड पट्टीचा घ्या आणि स्क्रू काढून आरपार बोल्ट मारा, नट आतल्या बाजूला. पण खरं सांगायचं तर दाराच्या जाडीत बसणारं लॉक घ्या. आणि ते लॅच, बाहेर जाताना दार ओढून घेतात आणि टक् झालं की लागलं म्हणतात, ते अर्धंच लागलेलं असतं. चावी घालून फिरवायची, दांडा पूर्ण बाहेर आला पाहिजे. बऱ्याच घरात मी विचारलं चावी फिरवली होती का, तर एकमेकांकडे बघतात.

दुसरं, दार किती पण भारी असू दे, चौकट कशी आहे बघा. जुन्या बिल्डिंगीत चौकट पावसाने फुगून सुकून भिंतीपासून सुटलेली असते, लॉकचा दांडा जिथे घुसतो तिथे लाकूड भुसभुशीत. तिथे लोखंडी पट्टी मारून घ्या लांब स्क्रूने, तासाभराचं काम. सेफ्टी डोअर जाळीचं असेल तर जाळी कापून हात आत घालून कडी काढता येते का ते स्वतः एकदा हात घालून बघा.

डोंबिवलीवाले दादा, तुमच्या बाहेरच्या कडीचा विषय, ती कडी काढूनच टाका ना. तुमच्या दाराला बाहेरून कडीची गरजच काय आहे? जुन्या दारांना असते म्हणून राहते. काढा आणि भोक बुजवा.

संगमेश्वरी_डोंबिवलीकर

@लाकूडतोड्या अहो हे आमच्या कोणाच्या डोक्यातच आलं नाही!! महिनाभर कडीची भीती बाळगून बसलोय आणि ती कडी तशीच दाराला आहे. आज संध्याकाळी काढतो.

उंबरठा

मी नाशिकची, आमच्याकडे २०१९ मध्ये झालं, लग्नाला गेलो होतो दोन दिवस सासरच्या गावी. लिहू की नको विचार करत होते.

चोरीनंतरचं कोणी सांगत नाही म्हणून ते लिहिते. आम्ही घरी आलो, दार उघडं दिसलं आणि मी सरळ आत गेले, हे पहिलं चुकलं, आत कोणी असतं तर? आणि दुसरं, मी रडत रडत साड्या उचलायला लागले, घड्या घालायला लागले, का ते मला आजही सांगता येणार नाही, कोणीतरी परक्याने माझे कपडे हाताळलेत हे सहन होईना बहुतेक. ठसेवाले आले तेव्हा कपाटावर माझेच ठसे सगळीकडे. तर दार फुटलेलं दिसलं की बाहेरच थांबा, शेजाऱ्यांकडे बसा, ११२ ला फोन करा, पंचनामा होईपर्यंत काही हलवू नका.

मग फिर्याद. साहेब विचारत होते काय काय गेलं, आणि मला माझे स्वतःचे दागिने आठवेनात. मंगळसूत्र, पाटल्या, एवढं आठवलं, पण लेकीच्या बारशातली चेन, सासूबाईंची ठुशी, ही वजनं कोणाला माहीत? पावत्या त्याच कपाटात, त्या पण फेकलेल्या. नंतर ठुशी आठवली तर पुरवणी जबाब द्यायला परत फेऱ्या. म्हणून आता मी प्रत्येक दागिना वजनकाट्यावर ठेवून फोटो काढलाय, पावतीचा फोटो काढलाय, आणि ते बहिणीच्या फोनमध्ये पण आहे. लग्नातले फोटो पण कामाला येतात, अंगावर दागिना दिसतो ना.

आमचे चोर सापडले आठ महिन्यांनी, दुसऱ्याच जिल्ह्यात दुसऱ्याच गुन्ह्यात. सोनं वितळवलेलं, लगड करून. माझी ठुशी एका पिवळ्या चौकोनात कुठेतरी आहे. ती लगड परत मिळायला कोर्टात अर्ज करावा लागतो, वकील म्हणाले सुप्रीम कोर्टाचा २००२ चा निकाल आहे सुंदरभाई देसाई खटल्यातला, की फोटो आणि पंचनामा करून असा मुद्देमाल लवकर मालकाला द्यावा, खटला संपेपर्यंत पोलिस ठाण्यात पडून ठेवू नये. आम्हाला तरी पाच महिने गेले त्यात. आणि मिळालं ते पण गेलेल्यापेक्षा निम्मंच.

तुमच्या मिसेसना सांगा आयहोलमधून बघणं काही दिवसांनी कमी होतं. मला वर्ष लागलं. त्यांना चिडवू नका फक्त.

सर्व्हेयर_काका

विम्याचं कोणी लिहिलं नाही म्हणून लिहितो. लोकांचा ठाम समज असतो की घराचा विमा आहे म्हणजे चोरी त्यात आलीच. सध्या जी स्टँडर्ड पॉलिसी आहे, भारत गृह रक्षा, १ एप्रिल २०२१ पासूनची, ती मुळात आग, भूकंप, पूर असल्या गोष्टींसाठी आहे. चोरी त्यात आहे पण अशी, की आग किंवा पूर झाला आणि त्यानंतर सात दिवसांच्या आत त्या घरातून चोरी झाली तर. नुसतं गावी गेलात आणि घर फोडलं, तर त्यात नाही. त्याला घरफोडीचं कव्हर वेगळं घ्यावं लागतं, आणि दागिन्यांचं त्यातही वेगळं लिहून घ्यावं लागतं. "विमा आहे" म्हणून निवांत बसलेली मंडळी मी भरपूर बघितलीत.

घेताना दोन ओळी वाचायच्या. एक, घर सलग किती दिवस बंद राहिलं तर कव्हर थांबतं, हे बऱ्याच पॉलिसीत असतं, गावच्या बंद घराला तर हे नक्की बघा. दोन, तोडफोडीची खूण लागते. कुंडीखाली ठेवलेल्या चावीने कोणी शांतपणे उघडून नेलं तर क्लेमला अडचण. चपलांच्या स्टँडमध्ये चावी ठेवणाऱ्यांनी हे दोनदा वाचावं.

लॉकरबद्दल पण सांगून ठेवतो. रिझर्व्ह बँकेच्या नियमांनी १ जानेवारी २०२२ पासून आग, चोरी, दरोडा किंवा कर्मचाऱ्याच्या फसवणुकीने लॉकरमधलं गेलं तर बँकेची जबाबदारी वार्षिक भाड्याच्या १०० पट इतकीच. भाडं ३००० असेल तर ३ लाख. आत तीस तोळे असोत की तीनशे. तरी घरच्या कपाटापेक्षा लॉकर कधीही बरा, त्यात वाद नाही.

एडिसनची_मावशी

न्यू जर्सीतून लिहितेय, इथे लोकांना वाटतं अलार्म आहे, ९११ आहे, काय होतंय. पण आपल्या लोकांच्या घरात सोनं असतं ही कीर्ती इथपर्यंत पोचलीये. २०११ ते २०१४ मध्ये एक टोळी जॉर्जिया, न्यूयॉर्क, मिशिगन, टेक्सास अशा ठिकाणी खास भारतीय आणि आशियाई कुटुंबं निवडून घरात शिरायची, माणसं घरात असताना, बांधून ठेवून, बंदूक दाखवून, फेडरल कोर्टात खटला चालला त्याचा. त्यानंतर आमच्या मंडळात दिवाळीला पाटल्या घालून पार्किंगमध्ये उभं राहणं बऱ्याच जणींनी बंद केलं, मी पण. फेसबुकवर लक्ष्मीपूजनाच्या ताटाचे फोटो मात्र चालूच आहेत, काय बोलणार.

टोपणनाव_सुचेना

मावशी, आमच्याकडे ताटाचा फोटो आणि वर "फीलिंग एक्सायटेड, मुक्काम गणपतीपुळे, चार दिवस" असं एकत्रच टाकतात. दोन कामं एकात.

वाडीतलो_बाबू

संगमेश्वरकर, तुमच्या गावच्या घराबद्दल मी सांगतो, मी रत्नागिरी जिल्ह्यातच राहतो बारा महिने, चाकरमान्यांच्या सात घरांच्या चाव्या माझ्याकडे खिळ्याला टांगलेल्या असतात.

बंद घरात सोनंनाणं नसतं हे चोरांना पण माहीत आहे. ते येतात हंडे, घागरी, समया, तपेली, पंपाची मोटर आणि केबलसाठी. दाराला भलंमोठं कुलूप लावून उपयोग नाही, कौलं सरकवून माळ्यावर उतरतात आणि मागच्या पडवीचं दार आतून उघडून टेम्पो भरतात. आमच्या वाडीत एकदा नेलं ते श्रावणात, पाऊस एवढा की कुत्रं पण भुंकलं नाही, आणि कळलं कधी तर घरवाले गणपतीला आले तेव्हा, गणपतीच्या आरतीला समई नाही! म्हणजे नक्की कुठल्या दिवशी गेलं हेच सांगता येईना, पोलिस तरी काय करणार.

तेव्हा भांडी लागतील तेवढी ठेवून बाकीची नात्यातल्या राहत्या घरात ठेवा. ज्याच्याकडे चावी त्याला पंधरा दिवसांतून एकदा दार उघडून झाडू मारायला सांगा, त्याचे पैसे द्या, नुसतं "लक्ष ठेव हां" म्हणून जाऊ नका. घर उघडं झालं, धूर निघाला, अंगणात गवत वाढलं नाही, की घर राहतं वाटतं. पोलीस पाटलाचा नंबर तुमच्याकडे आणि तुमचा त्याच्याकडे असू दे. आणि ग्रामपंचायतीत विचारा ग्रामसुरक्षा यंत्रणा चालू आहे का, एका टोल फ्री नंबरवर फोन केला की गावातल्या सगळ्यांना एकदम फोन जातो, ती असेल तर गावात नंबर नोंदवून ठेवा.

खाकीच्या_घरातला

कॅमेऱ्याचं राहिलं. कॅमेरा चोराला थांबवत नाही, टोपी-मास्क घालून येतात, पण नंतर उपयोग होतो. मात्र दोन गंमती होतात. एक, आपण गावाला जाताना काय करतो? फ्रिज रिकामा करून मेन स्विच खाली. मग वायफाय बंद, कॅमेरा बंद. दुसरी, सोसायटीच्या कॅमेऱ्याची हार्डडिस्क लहान असते, पंधरा दिवसांचं रेकॉर्डिंग राहतं कुठे, कुठे दहाचंच, पुढचं त्याच्यावरच चढतं. तुम्ही दहा दिवसांनी येऊन तक्रार करेपर्यंत पहिल्या रात्रीचं पुसलेलं. सेक्रेटरींना विचारा किती दिवसांचं राहतं, आणि तो डीव्हीआर, म्हणजे रेकॉर्डिंग साठवणारा डबा, वॉचमनच्या केबिनमध्ये उघड्यावर नको, चोर तोच उचलून नेतात.

आणि समजा गावी असतानाच शेजाऱ्यांचा फोन आला, तर एफआयआरसाठी लगेच रात्रीची गाडी पकडायला पाहिजे असं नाही. नवीन नागरिक सुरक्षा संहितेत कुठल्याही पोलिस ठाण्यात गुन्हा नोंदवता येतो, झिरो एफआयआर म्हणतात तो, किंवा ऑनलाइन माहिती देऊन तीन दिवसांत सही करायची. एफआयआरची प्रत फुकट मिळते, मागून घ्या.

संगमेश्वरी_डोंबिवलीकर

सगळ्यांचे आभार, एवढं कोणी लिहील वाटलं नव्हतं. अपडेट देतो.

कडी काढली. मिस्त्री म्हणाला अशी कडी काढणारे तुम्ही पहिलेच, मग मजल्यावरच्या उरलेल्या दोघांनी पण त्याच्याकडून काढून घेतली. दाराच्या आतलं लॉक बसवलं, चौकटीला पट्टी मारली, चौकट खरंच एका बाजूने सुटलेली होती, बोट जात होतं फटीत. सेक्रेटरींना विचारलं रेकॉर्डिंग किती दिवसांचं, ते म्हणाले भरपूर, मग उघडून बघितलं तर एक कॅमेरा मार्चपासून बंद.

वरच्या काकू यंदा गणपतीला इथेच आहेत, त्यांच्याकडे चावी देतोय, रोज संध्याकाळी हॉलचा लाइट लावून परत रात्री बंद करणार, मेन स्विच चालू ठेवणार आहे. काकूंनी अट घातलीये की येताना त्यांना आमच्या विहिरीजवळच्या झाडाची सोनकेळी आणायची.

@उंबरठा ताई, तुमचं लिहिलेलं बायकोला वाचून दाखवलं. काही बोलली नाही, पण रात्री सगळे दागिने काढून पोळपाटाशेजारी किचनच्या वजनकाट्यावर ठेवून फोटो काढत बसली होती, बारा वाजेपर्यंत. एक नथ आम्हाला दोघांनाही आठवेना कोणाची ते.

@वाडीतलो_बाबू तुमचा नंबर व्यक्तिगत निरोपात पाठवा, गावात आलो की भेटू.